झाकण उचलू नकोस

अमेरिकेतल्या विस्कॉन्सिनच्या त्या भागात शेतघराचं पुढचं दार फक्त तिघांसाठी असतं: पाद्री, विमावाला आणि शवपेटी. बाकी सगळी दुनिया मागच्या दाराने, म्हणजे स्वयंपाकघरातूनच, आत येते. क्लेमेंस स्लाडकी मात्र पुढच्या दाराने ये-जा करायचा, आणि तीही चाळीसेक वर्षं. गोठ्यातलं काम उरकलं की शेणाने भरलेल्या बुटांनिशी, भर बर्फात, सगळ्या घराला वळसा घालून स्वारी पुढच्या पायरीवर हजर. त्याच्या चालण्याने घराभोवती अशी खोल वाट पडली होती की एका वसंतात बर्फ वितळल्यावर तिच्यातून चक्क ओढा वाहिला आणि शेजाऱ्यांची बदकं महिनाभर तिथे मुक्कामाला आली. एका नवख्या विमावाल्याने त्याला त्या दारातून बाहेर पडताना पाहिलं आणि दुसरा कोणी आपल्याआधी गिऱ्हाईक गाठून गेला असं समजून तो हिरमुसून परत गेला.

हे सगळं एका झाकणापायी.

मुलाच्या, डेलच्या, बाप्तिस्म्याचा दिवस. लग्नाला अजून दोन वर्षं झाली नव्हती. बायकोने, मार्सेलाने, तेव्हा नवाच निघालेला, दिवसभर मंद आचेवर शिजवणारा विजेचा स्लो कुकर आणला होता, आणि गावात पहिल्यांदाच कोणी त्यात पाहुण्यांसाठी बीफ लावलं होतं. स्वयंपाकघरात मार्सेलाच्या सगळ्या बहिणी दाटीवाटीने उभ्या. क्लेम वासाने आत आला आणि त्याने झाकण उचललं. मार्सेलाने लाकडी पळी त्याच्या मनगटावर हाणली.

"झाकण उचलू नकोस. जा बाहेर, नाहीतर आज कोणी जेवत नाही."

बहिणी हसल्या. त्यात बर्निस, सगळ्यांत धाकटी, तर कपाट धरून हसली. क्लेम तापला नाही, ओरडला नाही. बोहेमियन, म्हणजे मूळचा चेक, माणूस रागावला की शांत होतो, आणि मग पंचाईत होते. तो एवढंच म्हणाला, "बरं. पुन्हा नाही येणार."

स्वयंपाकघर आणि जेवणाची खोली यांच्यामध्ये जमिनीवर एक पितळी पट्टी होती. त्या दिवसापासून क्लेमचा पाय त्या पट्टीच्या अलीकडे. सकाळची कॉफी पट्टीवरून. भांडण पट्टीवरून. डेल शाळेत कोणाचा दात पाडून आला तेव्हा त्याची झाडाझडतीही पट्टीवरून, आई एका बाजूला, बाप दुसऱ्या बाजूला, पोरगा मध्ये. संसार वाईट नव्हता. उलट गावात त्यांच्याइतकी एकमेकांशी बोलणारी जोडपी थोडीच असतील. पण पट्टी ती पट्टी. पहिले काही दिवस मार्सेलाला वाटलं, जाईल राग. मग ते तसंच पडून राहिलं, जसं अंगणात पडलेलं नांगराचं पातं पडून राहतं आणि पुढे लोक त्याला वळसा घालून चालायला शिकतात.

शेवटच्या हिवाळ्यात मार्सेला फार थकली. चुलीजवळच्या खुर्चीत ती दिवसभर बसून असायची. एका सकाळी तिने हाक मारली.

"क्लेम, ये की आत. बस इथे जरा. बीफ कसं लावायचं ते दाखवते. आपल्या नातीची शाळा संपेल तेव्हा मेजवानी आहे, मी तिला कबूल केलंय. मी नसले तर?"

क्लेम पट्टीशी आला. पायाचा अंगठा पितळेला टेकला. आत जायला काही अवघड नव्हतं, कोणी अडवत नव्हतं. पण एवढ्या वर्षांचा हट्ट असा एका हाकेवर सोडायचा म्हणजे मग तो धरला तरी कशाला होता, असं काहीसं त्याच्या मनात आलं. शिवाय 'मी नसले तर' हे त्याला ऐकायचंच नव्हतं.

"तूच बाहेर ये ना इकडे," तो म्हणाला. "इथे ऊन आहे. बघू उद्या."

तिला बाहेर येण्याइतकी ताकद नव्हती. हे त्याला तेव्हाही कळत होतं. दोन आठवड्यांनी तिला दवाखान्यात नेलं, आणि परत आली ती पुढच्या दाराने.

त्यानंतर क्लेमने मायक्रोवेव्ह जेवणाच्या खोलीत आणवून घेतला, तोही डेलला आत पाठवून. स्वयंपाकघरात कोणी जाईना.

मग जून आला. नात टेगन, अठरा वर्षांची, उंच, आजीसारखी वाकडं हसणारी, पुढच्या पायरीवर येऊन बसली.

"आजोबा, मेजवानीला बाबा हॉटेलातून काहीतरी मागवतो म्हणतायत."

"मग?"

"मग काही नाही. आजीने बीफ कबूल केलं होतं, एवढंच."

"मी लावतो," क्लेम म्हणाला. बोलून गेल्यावर ते वाक्य त्याने स्वतःच पहिल्यांदा ऐकलं.

टेगनने त्याच्याकडे पाहिलं. "तुम्ही? कुठे, गोठ्यात?"

"तुला बीफ पाहिजे की चौकशी?"

मेजवानीच्या दिवशी उजाडताच बर्निस आली. आता सत्तरीची, जीभ मात्र तीच. मोटारीत गावभरातून उसने आणलेले स्लो कुकर, प्रत्येकाच्या बुडाला चिकटपट्टी आणि तिच्यावर मालकिणीचं नाव. मेजवानी यंत्रांच्या शेडमध्ये होती, ट्रॅक्टर बाहेर काढून टेबलं मांडलेली, आणि निम्मा परगणा जेवायला येणार.

क्लेम पट्टीवर उभा होता. टोपी हातात, देवळात शिरावं तशी.

"काय रे, आता तिकीट काढू का तुझं?" बर्निस आतून म्हणाली.

त्याने पट्टी ओलांडली. जमीन खचली नाही, छत पडलं नाही. जमिनीवरचं लिनोलियम बुटाखाली किंचित कुरकुरलं, बस. इतक्या वर्षांत ओलांडली नाही ती एवढीशी गोष्ट. त्याला जरा चिडच आली.

बर्निसने दाखवलं ते त्याने निमूट केलं. खांद्याच्या मांसाचे मोठे तुकडे, बुडाशी कांदा, वरून बाटलीतल्या आंबट मिरच्या त्यांच्या पाण्यासकट, आणि प्रत्येक भांड्यात थोडी बिअर. उरलेली बिअर कुठे घालायची हे त्याला शिकवावं लागलं नाही. घरातल्या जुन्या तारांवर सगळी भांडी एकत्र लावली तर फ्यूज उडणार, म्हणून एक स्वयंपाकघरात, एक बाहेरच्या खोलीत टीव्हीच्या जागी, एक झोपण्याच्या खोलीत मार्सेलाच्या कपाटावर, आणि एक न्हाणीघरात.

"न्हाणीघरातलं नीट लक्षात ठेव," बर्निस म्हणाली. "ते पाद्र्याच्या प्रवचनासारखं आहे, सावकाश तापतं. मी चर्चमध्ये पाव घ्यायला आणि टेबलक्लॉथ आणायला चालले. दुपारपर्यंत येते. आणि हे बघ, झाकण उचलू नकोस."

क्लेमचं मनगट आपोआप मागे गेलं. तेच शब्द, तोच आवाज जवळजवळ, बहिणीच त्या. तो ताठ झाला.

"कळतं मला," तो म्हणाला. "मी काही कुकुलं बाळ नाही."

ती गेली आणि पाचेक मिनिटांत त्याने झाकण उचललं. निव्वळ चुरशीने. माझं घर, माझं मांस, माझं झाकण. आत काही घडत नव्हतं, मांस कच्चंच होतं. त्याने झाकण ठेवलं आणि जिंकल्यासारखा बाहेर जाऊन ट्रॅक्टर पुसून आला.

पण मग वास सुटला. आधी कांद्याचा, मग मिरच्यांच्या आंबटाचा, मग त्या दोघांना पोटात घेणारा तो दाट, तपकिरी वास, जो घरात आला की समजायचं आज रविवार आहे किंवा कोणीतरी मेलंय. क्लेम झोपण्याच्या खोलीत गेला. मार्सेलाच्या कपाटावर भांडं धुमसत होतं. त्याने झाकण उचललं. वाफ तोंडावर आली, चष्म्याला धुकं आलं, आणि त्या धुक्यात एक क्षण असं वाटलं की पट्टीपलीकडे ती आहे, पळी हातात घेऊन, आता म्हणेल काहीतरी. तो झाकण धरून उभाच राहिला. वाफ संपली तसं ते वाटणंही संपलं. मग तो न्हाणीघरात गेला. मग टीव्हीच्या जागी. मग स्वयंपाकघरात. मग पुन्हा कपाटाशी. सकाळभर तो घरात असा फिरत राहिला, जसा एखादा घंटा वाजवणारा चार देवळांच्या घंटा एकटाच सांभाळतो. शेवटी शेवटी छतावरून थेंब पडू लागले आणि न्हाणीघराचा रंगीत कागद भिंत सोडून पुढे वाकून पाहू लागला.

बर्निस परत आली तेव्हा शेडमध्ये माणसं जमायला लागली होती. तिने काटा घेतला, मांसात खुपसला, आणि काटा वाकला.

"हे काय, घोड्याचं खोगीर लावलंस की काय? कितीदा उचललंस?"

"एखाद-दोनदा."

"क्लेम, तुझ्या शर्टाची बाही पिळली तर सूप निघेल. कितीदा?"

त्याने बाही पाठीमागे नेली.

"अरे, झाकण उचललं की आतली सगळी ऊब जाते. ती परत जमायला अर्धा तास. एकदा उचललंस की अर्धा तास मागे. म्हणून उचलायचं नसतं. एवढं साधं."

क्लेमने हातातलं झाकण खाली ठेवलं. फार हळू.

"म्हणून?" तो म्हणाला.

"मग दुसरं कशाला?"

"मला वाटलं, मार्सेला मला हाकलतेय."

बर्निसने त्याच्याकडे पाहिलं. तिच्या जिभेवर काहीतरी आलेलं दिसलं, आणि तिने ते गिळलं, जे तिने जन्मात केलं नसेल. मग चुलीजवळच्या दोन खुर्च्यांकडे बोट केलं. एकीची गादी झिजून पाट झाली होती. दुसरीची नवी कोरी, फुलांची, फक्त उन्हाने विटलेली.

"ही नवी कोणाची वाटते तुला?"

"तुझी. तू यायचीस ना."

"मला तिने कधी बसू दिलं नाही त्यात. मी लाकडी पेटीवर बसायचे, इतकी वर्षं. म्हणायची, ती क्लेमची आहे, येईल तो." तिने काटा सरळ करायचा प्रयत्न केला. "दर दोन-तीन वर्षांनी गादीचं कापड बदलायची. मी म्हणायचे, अगं, झिजली कुठे आहे."

बाहेर लोक भुकेले होते, म्हणून पुढचं कोणी काही बोललं नाही. बीफ सुरीने कापून पावात घालून पाठवावं लागलं. तिकडची माणसं भली. कोणी तक्रार केली नाही. "चव छान उतरलीये," म्हणाले. "चावायला भरपूर आहे," म्हणाले. क्लेमच्या एका चुलत भावाने पहिला घास घेतला तेव्हा डेलचं भाषण सुरू होत होतं, आणि भाषण संपलं, फोटो झाले, केक कापला, तरी तो घास अजून त्याच्या तोंडातच होता. एकाची कवळी पावात राहिली आणि ती मिळेपर्यंत तीन पाव उलगडले गेले. टेगन प्रत्येकाला हसून म्हणत होती, "आजोबांनी केलंय," आणि क्लेम शेडच्या दारात टोपी चुरगाळत ते ऐकत होता.

पाहुणे पांगले. ऊन कललं. उरलेलं बीफ कोणी हात न लावता चारी खोल्यांत शिजत राहिलं होतं, कारण ते बंद करायचं कोणाच्या लक्षातच आलं नाही.

टेगन हातात दोन पाव घेऊन मागच्या दाराने आत आली. आजोबा चुलीजवळ, फुलांच्या गादीवर बसलेले. अवघडून, पाहुण्यासारखे, अर्ध्याच गादीवर.

"शिजलं का आता?" म्हणत तिने झाकणाकडे हात नेला.

"झाकण…" क्लेमचा हात वर आला आणि थांबला. तो खाली घेऊन त्याने शेजारची झिजलेली खुर्ची पुढे ओढली. "आधी बस इथे. मग सांगतो, का उचलायचं नाही ते."

ती बसली. त्याने सांगितलं. ऊब, अर्धा तास, सगळं. एवढंसं सांगायला त्याला बराच वेळ लागला. मग दोघं बसून राहिली, आणि वास दाटत दाटत असा झाला की त्याला टेकून बसता यावं.

शेवटी त्यानेच झाकण काढलं. मांस काट्याच्या नुसत्या स्पर्शाने सुटलं. त्याने दोन्ही पाव भरले, एक तिला दिला. हात भाजत होते.

"आजीसारखं झालंय?" टेगनने तोंडातल्या घासासकट विचारलं.

क्लेमने चावलं. पुन्हा चावलं. चांगलं होतं, फार चांगलं होतं. पण त्याच्या ओळखीचं जे बीफ होतं ते पानात वाढून, पट्टी ओलांडून, टेबलापर्यंत येता येता थोडं निवलेलं असायचं.

"काय माहीत, गं," तो म्हणाला. "तिच्या हातचं मी कधी इतकं गरम खाल्लंच नाही."