डबा कोरडा ठेव

कोलमन फॉयला पुरून सगळे परतले, त्याच दुपारी कळले की आवाजाची फीत वाया गेली.

विनी हेनेगन दफनभूमीतून सरळ फेस्टसच्या घरी आली होती. तिने अंगातला काळा कोटही काढला नव्हता. फेस्टसने खुर्ची पुढे केली आणि चहाचे विचारले.

"चहा नको," ती म्हणाली. "जन्मभर थांबलेय रे. आता किटली उकळायला थांबवू नकोस. लाव ते."

फेस्टसने मला टेबलावर ठेवले आणि कपाटातून पत्र्याचा डबा आणला. झाकण काढताच आंबट वास स्वयंपाकघरभर पसरला.

"यात बिटाचं लोणचं घातलं होतंस की काय?"

फेस्टस हसला. मग त्याने फीत हातात घेतली आणि त्याचे हसू गेले. सुताराच्या रंध्यातून निघालेल्या सालपटासारखी ती वळली होती. त्याने ती कशीबशी माझ्या चाकांवर चढवली आणि बटण दाबले. डेलियाचा आवाज आला.

"सांगा कोलमन. घाई नाही."

एवढेच. मग फीत तुटली. फेस्टसने ती चिकटपट्टीने जोडली, तर पुढे तुटली. तिथे जोडली, तर बोटांतच तिचा चुरा झाला. विनी त्या तुकड्यांकडे बघत उभी राहिली. फेस्टस खाली बसला. डेलिया त्याची बायको. ती गेल्यापासून त्याने तिचा आवाज ऐकला नव्हता.

मित्रांनो, मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे. लाकडी पेटी, दोन चाके, एक हिरवा दिवा. परदेशातल्या एका कारखान्यात बायकांनी माझ्या तारा जोडल्या. तिथून बोटीने मी आयर्लंडला आलो आणि गॉलवेच्या एका दुकानात काचेमागे बसलो. त्या वर्षी देशभर बँड वाजत होते. इंग्रजांविरुद्धच्या उठावाला पन्नास वर्षे झाली होती. म्हाताऱ्यांच्या छातीवर पदके चमकत होती. कूलरो गावातली मास्तरीण डेलिया मला घेऊन गेली. तिला आपल्या गावाच्या लढ्याचा इतिहास लिहायचा होता.

ते माझे चांगले दिवस. म्हातारे दाढी करून, रविवारचा कोट घालून यायचे आणि माझ्यासमोर साक्षीला आल्यासारखे ताठ बसायचे. प्रत्येकजण रस्त्याच्या वळणावर इंग्रजांच्या गाडीवर केलेल्या हल्ल्याची हकीकत सांगायचा, आणि प्रत्येकजण त्या हल्ल्यात असायचाच.

"एवढी माणसं त्या वळणावर उभी असती," डेलिया नंतर फेस्टसला म्हणायची, "तर इंग्रजांची गाडी गर्दीतच अडकली असती. गोळी झाडायची गरजच नव्हती."

ती ऐकून ऐकून लिहून काढायची. लिहून झाले की तीच फीत पुसून पुन्हा वापरायची. एकच फीत तिने पुसली नाही.

लूक हेनेगनविषयी मात्र कोणी बोलत नसे. तो विनीचा थोरला भाऊ. इंग्रजांशी चाललेल्या लढाईच्या शेवटच्या वसंतात, त्यांचा खबऱ्या ठरवून, गावच्याच बंडखोरांनी त्याला घरातून नेले आणि तो परत आला नाही. डेलियाने विचारले की म्हातारे घड्याळ बघायचे. कोणाला गाईची धार काढायची असायची, कोणाचे गुडघे दुखू लागायचे.

शेवटी कोलमन आला. टोपी हातात घेऊन दारातच उभा राहिला.

"पोरी, हे यंत्र पाद्रीबाबांकडे चुगली करत नाही ना?"

"नाही हो. मी बटण दाबलं तरच बोलतं."

"मग आमच्या घरच्या बाईपेक्षा बरं."

तो बसला आणि हातातली टोपी गोल फिरवत राहिला. तेव्हा डेलिया म्हणाली, "सांगा कोलमन. घाई नाही."

त्याने सांगितले. त्या वेळी इंग्रजांच्या पोलिसांवर गावाचा बहिष्कार होता. त्यांना पाव विकायचा नाही, रामरामसुद्धा करायचा नाही. लूकचे गाढव सुटून कोंडवाड्यात गेले होते. ते सोडवायला तो चौकीत गेला.

"हवालदार जेवत होता. त्यानं लूकला बाकावर बसवून ठेवलं. आम्ही बाहेर कुंपणामागं. आम्हाला वाटलं, हा एवढा वेळ आत काय सांगतोय? मग तो बाहेर आला, तो गाढव घेऊनच आला, पोरी. आम्ही ते गाढव बघितलं. तरी डोक्यात शिरलं नाही."

लूकला नेणारे ते तिघे होते. एक पुढे, इंग्रज गेल्यावर झालेल्या आपसांतल्या लढाईत मेला, एक अमेरिकेत. फावडे कोलमनचे होते.

मग लूकला कुठे पुरले ती जागा त्याने सांगितली. सांगून झाल्यावर म्हणाला, "हे कागदावर नको. कागद कोणीही वाचतं. मी मातीखाली जाईपर्यंत या डब्यातच राहू दे. मग विनीला ऐकव."

डेलियाने शब्द दिला. नवऱ्यालाही तिने काही सांगितले नाही. फेस्टसने एकदाच विचारले. ती म्हणाली, "तुझं गुपित असतं तर तेही असंच ठेवलं असतं." त्याने पुन्हा विचारले नाही.

कोलमनने विनीला फाटकाशी गाठून एवढेच सांगितले, "मी ठेवून दिलंय. माझ्यानंतर ऐक." त्यानंतर विनी रोज त्याच्या खोकल्याची चौकशी करू लागली. लोकांना वाटे, बाईची माया केवढी.

पण आधी डेलियाच गेली. दवाखान्यात ती फेस्टसला म्हणाली, "डबा कोरडा ठेव."

आमच्या भागात मिठाला पाणी सुटते आणि पलंगाखालच्या बुटांवर बुरशी येते. फेस्टसने घरातली सगळ्यात ऊबदार जागा शोधली. पीट, म्हणजे दलदलीतली वाळवलेली माती, जाळण्याच्या शेगडीमागे कपाट आहे. तिथे धुतलेल्या चादरी सुकतात. त्या कपाटात, चादरींच्या वर, त्याने डबा ठेवला. दर रविवारी तो डब्यावरून हात फिरवायचा. डबा ऊबदार लागायचा आणि त्याला बरे वाटायचे. ती ऊब आणि ओल्या चादरींची वाफ फितीला वर्षानुवर्षे खात होती. हे त्याला कोण सांगणार? माझ्याबरोबर आलेला माहितीचा कागद डेलियाने कधीच चूल पेटवायला वापरला होता.

मित्रांनो, वस्तू जपा, असे मी तुम्हाला सांगू शकत नाही. फेस्टसने फार जपले. ज्याला विचारायचे त्याला तो समोर असतानाच विचारा, एवढे सांगतो. पण तेही विनीला लागू पडत नाही. तिने लहानपणापासून सगळ्यांना विचारले होते.

मी ऐकले होते. फितीशिवाय मला तोंड नाही, म्हणून तुम्हालाच सांगतो. चर्चच्या वाटेवर पाणथळ संपते तिथे हॉथॉर्नचे एकटे काटेरी झुडूप आहे. ते भुताखेतांचे मानतात. त्याला कोणी कोयता लावत नाही, त्याच्या बुडाशी कोणी कुदळ मारत नाही. म्हणूनच त्या तिघांनी ती जागा निवडली. लूक तिथे आहे. विनी दर रविवारी त्याच वाटेने जाते आणि झुडपाजवळ आली की छातीवर क्रुसाची खूण करून झपझप पाऊल उचलते.

त्या दुपारी जाताना ती फेस्टसच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाली, "तुला तुझ्या बाईचे चार शब्द तरी मिळाले."

फेस्टसने तुकडे डब्यात भरले. डबा कुठे ठेवावा हे त्याला कळेना. तो अजून टेबलावरच आहे, माझ्याशेजारी. डेलियाचा इतिहास वळणावरच्या हल्ल्यापर्यंत लिहून झाला आहे. हेनेगनांच्या थडग्यावरच्या दगडात आईवडिलांच्या नावांखाली विनीने जागा सोडून ठेवली आहे. हाडे खाली असल्याशिवाय वर नाव कोरायचे नाही, असे ती म्हणते.

लूकचे नाव कोरायचे राहिले आहे.