तेरा सत्ते एक्क्याण्णव

लंडनमधल्या आमच्या एजवेअरच्या घराच्या जिन्याला तेरा पायऱ्या आहेत. एकतीस वर्षं मी त्या चढते-उतरते, आणि एकतीस वर्षांत त्यांची कुणी चौकशी केली नव्हती. मग २००५ साली, एका रविवारी जेवणं होत आल्यावर, माझ्या सुनेनं विषय काढला.

"आई, खाली फ्रंट रूममध्ये तुमच्यासाठी छान पलंग लावू या का? म्हणजे जिन्याची दगदग नको."

माझा मुलगा शार्दूल ताटातल्या दह्याकडे बघत होता. म्हणजे दोघांचं आधीच ठरलं होतं. काही लपवायचं असलं की हा ताटात बघतो, सहा वर्षांचा होता तेव्हापासून.

सून आसावरी फिजिओथेरपिस्ट आहे. तिच्या हॉस्पिटलात चार लाकडी पायऱ्या ठेवल्यात. अलीकडून चढायचं, पलीकडे उतरायचं, पोचायचं कुठेच नाही. त्यांच्यावर ती लोकांच्या आज्यांना चालवते. त्यामुळे माझे गुडघेही आपल्याच खात्यात येतात असं तिला वाटतं. माझं शिक्षण चौथी. पण पाढे मला तीसपर्यंत पाठ आहेत, आणि घरात कुणाची खोली कुठे आहे याला काय अर्थ असतो, तेही कळतं.

वरची पुढची खोली माझी. हे घर घेतलं तेव्हा ह्यांनी ती निवडली, आणि हे गेल्यावरही मी तिथून हलले नाही. खिडकीतून अख्खा रस्ता दिसतो. पोस्टमन कुठवर आला, चुकीच्या दिवशी कचऱ्याचा डबा बाहेर कुणी ठेवला, समोरच्या शशीचा नवरा घरी कधी येतो आणि कधी येत नाही. खालच्या खिडकीतून दिसतं ते आमचंच कुंपण.

शिवाय माझ्या मैत्रिणीचं, वेम्बलीच्या सुप्रभाचं उदाहरण डोळ्यांसमोर होतं. तिच्या मुलानं तिला असंच प्रेमानं खाली आणलं. महिन्याभरात तिच्या वरच्या खोलीत पळायचं मशीन आलं. त्याच्यावर आता इस्त्रीचे कपडे असतात. पाहुणे आले की घरचे सांगतात, त्या झोपल्यात. ती जागी असते. मला फोन करून सांगते ना, आज कोण कोण येऊन गेलं ते.

"मी खाली आले की वर कोण जाणार?" मी विचारलं.

"तनूला अभ्यासाला होईल," शार्दूल दह्याला म्हणाला.

तनू माझी नात, चौदा वर्षांची. ती म्हणाली, "मला नको तुझा खोली, आजी. तिथे बामची वास येते."

एवढ्या घरात माझ्या बाजूनं बोलणारी ही एक, आणि तिचं बोलणं हे असं.

विषय तेवढ्यावर थांबला. पण आठवड्याभरात पलंग आला आणि प्लास्टिकसकट गॅरेजमध्ये भिंतीला टेकून उभा राहिला. पाठोपाठ ईस्टरच्या सुट्टीत मेक्सिकोला जायचं निघालं. मला काय कळत नव्हतं? आधी समुद्र दाखवायचा आणि मग खोली काढून घ्यायची.

तिथे चौथ्या दिवशी माया लोकांचं जुनं गाव बघायला सहल होती. हॉटेलातून सकाळी सहाला कोच, संध्याकाळी परत. कोचमध्ये सगळे आमच्याच विमानातून आलेले इंग्रज होते, कोपरापर्यंत लाल झालेले. गाईड मोठा हुशार माणूस. तीन तास माइक खाली ठेवला नाही. तिथल्या देवळाला चारी बाजूंनी पायऱ्या, एकेका बाजूला एक्क्याण्णव, वरची एक धरून तीनशे पासष्ट. वर्षाचे दिवस. कालनिर्णयासाठी एवढा दगड वाहिला लोकांनी. आम्ही भिंतीला खिळा मारतो.

मग त्यानं चेंडूच्या खेळाचं सांगितलं. खेळ संपला की एकाचं डोकं कापून देवाला द्यायचे. कुणाचं, तर काही जण म्हणतात हरलेल्याचं आणि काही जण म्हणतात जिंकलेल्याचं. सगळा कोच हळहळला. मला काही नवल वाटलं नाही. मी घर चालवलंय.

"वर चढू देतात का?" मी तनूला विचारायला लावलं.

गाईड म्हणाला, देतात, पण उतरणं कठीण आहे, वयस्कर मंडळींनी खालूनच फोटो काढावेत. आणि 'वयस्कर' म्हणताना माझ्याकडेच बघितलं.

मी मनात पाढा म्हटला. तेरा सत्ते एक्क्याण्णव. म्हणजे आमचा जिना सात वेळा. तेवढा तर मी रोज चढते. एकदा देवपूजेला, एकदा चष्म्याला, आणि उरलेल्या वेळा चष्मा खालीच होता म्हणून.

"शार्दूल," मी म्हटलं, "मी माझ्या पायांनी चढले आणि माझ्या पायांनी उतरले, तर तो पलंग ज्या दुकानातून आला तिथे परत जाईल. आणि नाही जमलं तर मी उद्यापासून खाली."

"चालेल," शार्दूल हसत म्हणाला. त्याला वाटलं, दहा पायऱ्यांत आटपेल.

आसावरी हसली नाही. "आई, हे असं पैजेवर ठरवायचं नसतं."

"मग दह्यावर ठरवायचं असतं का?"

तनू म्हणाली, "डील. मी विटनेस."

पोचलो तेव्हा ऊन वर आलं होतं. देऊळ खरंच मोठं. समोर लोक टाळ्या वाजवत होते, कारण टाळी वाजवली की पायऱ्यांतून पक्ष्याच्या ओरडण्यासारखा आवाज परत येतो. आमच्या मंडळाच्या आरतीला इतक्या मनापासून टाळ्या पडत नाहीत.

पायरीशी गेल्यावर मी बूट काढले. साडीखाली मी ट्रेनर घालते, लंडनच्या थंडीनं लावलेली सवय. मोजे बुटांत कोंबले, बूट पहिल्या पायरीला लावून ठेवले, पायरीला हात लावून नमस्कार केला. माझं माहेर जेजुरीपासून दोन कोसांवर. देवळाची पायरी चपला घालून चढायची असते हे मला कुणी शिकवलं नाही.

मागे नॉटिंगहॅमचं एक म्हातारं जोडपं उभं होतं. त्यातल्या बाईनं माझ्या पायांकडे बघून काहीतरी विचारलं. मी म्हटलं, "टेंपल." तिनं नवऱ्याकडे बघितलं. दोघांनी खाली वाकून बूट काढले आणि माझ्या बुटांशेजारी नीट ठेवले. त्यांच्या मागच्यानं काढले. त्याच्या मागच्यानं काढले. इंग्रज माणूस, त्याला रांग दिसली की ती कशाची हे तो विचारत नाही. गाईड पाण्याच्या बाटल्या घेऊन येईपर्यंत पायथ्याशी वीसएक जोड ओळीनं लागले होते, आणि इथे असा नियम कधीपासून झाला हे त्या बिचाऱ्यालाच कळेना.

मी निऱ्या खोचल्या आणि चढायला लागले. सरळ नाही. चार पायऱ्या डावीकडे तिरकं, चार उजवीकडे तिरकं, जेजुरीला आम्ही पोरी चढायचो तसं. खालून गाईडचा आवाज आला. तनूनं ओरडून मला त्याचं मराठी केलं: "आजी, तो म्हणतो माया पुजारी पण असंच चढायचा." पुजाऱ्यांनाही गुडघे असणारच.

तेरा झाल्या, एक घर झालं. सव्वीस, दोन घरं. एकोणचाळीस. बावन्नला उजवा गुडघा बोलला. मी बसले. कुणी बघत असेल तर देखावा बघतेय असं वाटावं म्हणून डोळ्यांवर हात धरला. देखावा म्हणजे सगळीकडे नुसतं रान.

तेवढ्यात मागून आसावरी आली, तीही अनवाणी, झपाझप. "आई, पुरे. इथूनच उतरू. मी शार्दूलला सांगते तुम्ही वर गेलात म्हणून."

हे तिनं बोलायला नको होतं. मी उठले आणि उरलेली तीन घरं एका दमात चढले. म्हणजे तसं दिसेल इतपत थांबत.

वर एक अंधारी खोली. आत मूर्ती नाही, काही नाही, वटवाघळांचा वास. मी पर्समधून खडीसाखरेचा खडा काढून कोपऱ्यात ठेवला. ज्याचा असेल तो घेईल. वळून बघते तर आसावरी भिंतीला पाठ लावून उभी, दोन्ही तळहात दगडावर चिकटवलेले. तिनं खाली बघितलं होतं.

"आई, मला उतरता येणार नाही."

"अगं, तू लोकांना जिने शिकवतेस."

"तिथे चारच पायऱ्या असतात," ती म्हणाली. ओठ पांढरे पडले होते.

मधोमध एक जाड दोर सोडला होता. लोक तो धरून, बसून, सरकत सरकत उतरत होते, आणि खाली बघून किंचाळत होते. मी आसावरीचं मनगट धरलं.

"देवळातून निघताना देवाला पाठ दाखवतो का आपण?"

"नाही."

"मग वळ. तोंड देवाकडे, पाठ जगाकडे. जगाकडे बघायचंच नाही. मी तुझ्या खाली आहे."

मी दोन पायऱ्या खाली, ती माझ्या वर, दोघींची तोंडं दगडाकडे. मी तिचं पाऊल हातानं धरून पायरीवर ठेवायची. "खाली. अजून. टेकला? आता दुसरा." वरच्या पायरीला दोन्ही हात, खालच्या पायरीला पाय. माझा उजवा गुडघा प्रत्येक वेळी काय म्हणत होता ते मी इथे लिहीत नाही.

तीन घरं उतरल्यावर ती रडायला लागली. आवाज न करता, दगडाकडे बघत.

"आई, मला तुमची खोली नको होती."

"पाय खाली घे."

"तुम्ही सकाळी उतरता ना, मी किचनमध्ये पायऱ्या मोजते. तिसऱ्या पायरीवर तुम्ही थांबता. सातव्या पायरीवर थांबता. तेरा होईपर्यंत मी केटलसुद्धा लावत नाही. पडलात तर आवाज ऐकू यायला हवा म्हणून."

एकतीस वर्षांत त्या पायऱ्यांची कुणी चौकशी केली नव्हती, असं मी वर लिहिलं आहे. ते मला तेव्हा वाटत होतं.

"पाय," मी म्हटलं. "डावा."

एक्क्याण्णव झाल्या. मी जमिनीवर टेकले आणि शार्दूलकडे बघितलं. त्याचं तोंड उघडंच होतं. तनू बोटं वर करून नाचत होती. एक्क्याण्णव पायऱ्या मी सुनेला पाय कुठे ठेव ते सांगितलं. त्यानंतर काय आहे ते सांगायचं राहिलं. तिनं शेवटचं पाऊल मागे टाकलं ते नॉटिंगहॅमच्या म्हाताऱ्याच्या बुटावर. बूट उलटला, पाऊल मुरगळलं, आणि आसावरी वीस जोडांच्या मधोमध बसली.

ते म्हातारं जोडपं वरून खाली आल्यावर दहा वेळा सॉरी म्हणालं. बूट त्यांचा होता ना. मी त्यांना उदार मनानं माफ केलं.

घरी आलो. पलंग परत जाणार होता, पण आसावरीला जिना चढता येईना. शार्दूलनं गॅरेजमधून तो आणला, प्लास्टिक फाडलं आणि फ्रंट रूममध्ये लावला. पाच आठवडे ती तिथे झोपली. पाहुणे आले की मी त्यांना तिच्या खोलीत घेऊन जायची आणि तिच्यादेखत सांगायची, जागी आहे ती, बोला. मंडळात मी एक्क्याण्णव पायऱ्यांची हकीकत चार वेळा सांगितली. सुप्रभाला फोनवर सहा वेळा. खोली माझी माझ्याकडे राहिली.

फक्त गुडघा. तो परतीच्या विमानातच नारळाएवढा झाला होता. साडीत काय दिसतं कुणाला? चढताना ठीक, पण उतरताना पाय पुढे टाकायची सोय राहिली नाही. म्हणून मी पाठमोरी उतरायला लागले. तोंड खोलीकडे, दोन्ही हात वरच्या पायरीला. शार्दूलनं विचारलं, हे काय नवीन. म्हटलं, वर देव आहेत माझे, त्यांना पाठ कशी दाखवू? एकतीस वर्षं कशी दाखवली, हे त्याला सुचलं नाही. तनूनं शाळेत सांगितलं की आमच्या घरी माया लोकांची पद्धत आहे.

आसावरीचा पाय बरा झाला त्या आठवड्यात एक सुतार आला आणि जिन्याच्या भिंतीकडच्या बाजूला दुसरा कठडा लावून गेला.

"हा कशाला?" मी जेवताना विचारलं.

"माझ्या पायासाठी," आसावरी म्हणाली. ताटात बघत. नवऱ्याची सवय लागली वाटतं.

"असू दे. तुझा पाय अजून कच्चा आहे," मी म्हटलं.

ती दुसऱ्या दिवशी वर झोपायला गेली. त्या कठड्याला तिनं कधी हात लावलेला मी पाहिला नाही. लाकूड चांगलं आहे, हाताला गार लागतं.

सकाळी मी उतरते. तिसरीवर थांबते, सातवीवर थांबते. खाली किचनमध्ये नळ बंद, भांडं वाजत नाही, सगळं गप्प. तेरावी झाली की केटलचं बटण वाजतं. एखाद्या दिवशी मी बारावीवर मुद्दाम जरा जास्त वेळ उभी राहते. होऊ दे चहाला उशीर.