मी एकच वर्ष आहे

मी एक जुने वर्ष आहे. मित्रांनो, हसू नका! वर्षालाही जन्म असतो, नाव असते. माझी तर तीन नावे होती.

मी आले तेव्हा म्हातारा राजा गादीवर होता. लोकांनी मला नाव दिले, ‘राजाचे बाविसावे वर्ष’. पेरणी झाली आणि राजा वारला. त्याचा मुलगा गादीवर बसला. त्या गावची रीत अशी, की नवा राजा बसला त्या दिवसापासून चालू वर्षालाच त्याचे ‘पहिले वर्ष’ म्हणायचे. म्हणजे कापणीच्या वेळी मीच ‘पहिले’! नदीपलीकडचे शेजारी आपले नगर वसल्यापासून वर्षे मोजत. त्यांच्या लेखी मी एकशे चाळिसावे. या तीन नावांचा मला भारी तोरा होता.

पण या नावांपायी एका बाईची फुकट बदनामी झाली. ती कुंभारीण होती. तिने दगडावर कोरून घेतले होते, ‘बाविसाव्या वर्षी, पेरणीत, नवरा नदीत बुडाला. पहिल्या वर्षी, कापणीत, लेक झाली. बापाचेच नाक घेऊन आली.’

आज तो दगड एका संग्रहालयात आहे. तिथल्या भिंतीवरच्या तक्त्यात बाविसावे आणि पहिले ही दोन वेगळी वर्षे रंगवली होती. गाइड दगडापुढे डोळे मिचकावून म्हणायचा, “नवरा गेला, आणि दीड वर्षाने लेक! जुळतंय का काही, मंडळी?” दालनात खसखस पिकायची. मी नुसते जळफळायचे.

माझ्या मदतीला आल्या इतिहासाच्या बाई. तक्ता त्यांनीच आखलेला. नदीपलीकडचा एक लेख वाचताना त्या थबकल्या. ‘एकशे चाळिसाव्या वर्षी शेजारचा राजा वारला, मुलगा बसला, आणि त्यांनी तेच वर्ष पहिले धरले.’ बाईंनी लगेच रंगाऱ्याला बोलावले.

“मामा, एक वर्ष जास्त झालंय. पुसायचं.”

“अहो ताई, मग मागची सगळी सरकवावी लागतील! अख्खी भिंत! एका वर्षावाचून कुणाचं अडलंय?”

“त्या कुंभारणीचं अडलंय. शिडी लावा, मी धरते.”

भिंत नव्याने रंगली. मी एकाच चौकटीत, तिन्ही नावांसह बसले. गाइडने ते वाचले आणि त्याचा चेहरा उतरला. त्या दिवशी दगडापुढे तो हळूच म्हणाला, “मंडळी, हे सगळं एकाच वर्षातलं. नवरा गेला तेव्हा ही पोटुशी होती.” कोणी हसले नाही.

मित्रांनो, जुनी वर्षे मोजताना, ती कोणी आणि कुठून मोजली, एवढे आधी विचारा. माझे काय, मी कोणत्याही नावाने राहीन. त्या बाईला मात्र पुन्हा कोणी हसलेले मी खपवून घेणार नाही.