सगळ्यांना होतं तेवढंच

काकूंचा मोतीबिंदू चांगलाच पिकला होता. सुईत दोरा ओवायला गिऱ्हाइकालाच विनवायची वेळ आली, तेव्हा कुठे त्या डोळ्यांच्या डॉक्टरकडे जायला तयार झाल्या. इमारतीच्या तळमजल्यावर त्यांचं कपडे दुरुस्तीचं दुकान होतं. पँट आखूड करणं, चेन बदलणं, कंबर सैल करणं असली कामं. अख्ख्या इमारतीच्या कंबरा त्यांना तोंडपाठ होत्या आणि कोणाची किती वाढली हे त्या कधी कोणाला सांगत नसत. तेवढ्या एका बाबतीत त्यांच्या तोंडाला कुलूप असे. बाकी कशात नाही.

घर तिसऱ्या मजल्यावर, आणि इमारतीला लिफ्ट नाही. काका धंद्यानं रंगारी. साठी उलटून गेली तरी दोन हातांत रंगाचे दोन डबे घेऊन ते एका दमात वर पोचत आणि त्याचा त्यांना भलता अभिमान होता. वर पोचले की कठड्यावरून वाकून ओरडत, "अगं, आज येतेस की उद्या?"

"आले हो! वन्संशी बोलतेय!" खालून आवाज येई.

वन्सं म्हणजे काकांची थोरली बहीण, पहिल्या मजल्यावर राहणारी. तिच्याशी बोलून झालं की दुसऱ्या मजल्यावर कोणाचा खोकला, कोणाची परीक्षा, कोणाच्या सुनेचं माहेरपण. प्रत्येक मजल्यावर काकूंचा एक हात कठड्यावर, चेहरा हसरा आणि चौकशी सुरू. इमारतीतल्या माणसांचा त्यांच्यावर जीव होता तो त्या चौकश्यांमुळेच. काकांचं मात्र ठाम मत होतं की बायकोच्या तोंडाचा पट्टा एकदा सुरू झाला की आवरत नाही, आणि आपलं जेवण रोज गार होतं ते त्यामुळेच.

तर डोळ्यांच्या डॉक्टरांनी ऑपरेशनच्या आधी रिवाजाप्रमाणे हृदयाचा आलेख काढायला सांगितला. आलेख बघून त्यांनी भुवया वर केल्या आणि काकूंना मोठ्या इस्पितळात धाडलं. तिथं अंधाऱ्या खोलीत छातीवर गार जेल लावून सोनोग्राफी झाली. मग भल्यामोठ्या गोल मशीनमध्ये आत-बाहेर करून झालं. एका डोळ्यासाठी हा कसला खटाटोप, म्हणून काका वैतागले होते. आठवड्यानंतर दोघं हृदयाच्या डॉक्टरांसमोर बसले. डॉक्टरीणबाई तरुण होत्या, यांच्या लेकीच्या वयाच्या.

"काकू, काल तुमचं हृदय बघायला आमचे सगळे डॉक्टर जमले होते," त्या म्हणाल्या. "जेवणाची सुट्टी संपली तरी कोणी पडद्यासमोरून हलेना."

"इश्श! त्यात काय बघण्यासारखं?" काकू म्हणाल्या.

डॉक्टरांनी पडदा त्यांच्याकडे वळवला. हृदय सगळ्या अंगाला रक्त देतं, पण त्याला स्वतःलाही रक्त लागतं, त्या सांगू लागल्या. ते पुरवणाऱ्या दोन रक्तवाहिन्या असतात, त्यांना कोरोनरी म्हणतात. दोन्ही महाधमनीतून निघतात. काकूंची उजवी बरोबर जागी होती. डावी मात्र जन्मापासूनच भलत्या ठिकाणाहून निघाली होती, फुफ्फुसाकडे अशुद्ध रक्त नेणाऱ्या वाहिनीतून. त्या रक्तात ना प्राणवायू, ना जोर.

"मग डाव्या बाजूचं भागतं कशावर?" काकांनी विचारलं.

"हे बघा." पडद्यावर उजवी वाहिनी बोटाएवढी जाड झाली होती आणि तिच्यातून नागमोडी बारीक फाटे निघून हृदयावरून पलीकडे गेले होते. "एवढे फाटे कोणालाच जन्मतः नसतात. काकूंच्या हृदयानं ते तान्हेपणीच वाढवले आणि डाव्या बाजूला पोचवले. बहुतेक बाळांना ते जमत नाही हो. अशी बाळं वर्षाच्या आत जातात." डॉक्टर काकूंकडे वळल्या. "आणि तुम्ही दोन मुलं वाढवून इथं माझ्यासमोर बसलाय. पण मला एक कोडं सुटत नाहीये. जिना चढताना छातीत काही होतं का, असं दोनदा विचारलं, तर तुम्ही नाही म्हणालात."

"नाहीच होत."

"तिला काही नाही हो," काकांनी दुजोरा दिला. "बोलघेवडी आहे एवढंच. प्रत्येक मजल्यावर थांबते."

"थांबतात?"

"मग काय करू?" काकू म्हणाल्या. "छातीवर ते ओझं येतं, ते उतरेपर्यंत थांबायला नको?"

डॉक्टरांनी हातातलं पेन खाली ठेवलं. "कसलं ओझं, काकू?"

"अहो, जिन्याचं! सगळ्यांना होतं तेवढंच. बाकीचे सोसतात, मला सोसवत नाही, इतकाच फरक."

"हे कधीपासून होतं?"

"कधीपासून म्हणजे? जिने चढायला लागले तेव्हापासून!"

काका हसले. मग डॉक्टर हसत नाहीत हे त्यांच्या लक्षात आलं आणि त्यांचं हसू अर्ध्यातच विरलं. "अगं," ते हळूच म्हणाले, "मला नाही होत असलं काही."

धुतल्यावर पँट आपोआप आटली असं शपथेवर सांगणाऱ्या गिऱ्हाइकाकडे काकू जशा बघत, तशाच त्या नवऱ्याकडे बघू लागल्या. "डॉक्टरांपुढे तरी फुशारकी मारू नका."

"मलाही नाही होत, काकू," डॉक्टर म्हणाल्या.

"तुम्ही तरुण आहात," काकूंनी निकाल देऊन टाकला.

पुढचं बोलणं गंभीर होतं. हे फाटे कधी अपुरे पडतील याचा नेम नव्हता. एखाद्या दिवशी, न सांगता न सवरता, हृदय थांबू शकलं असतं. छाती उघडून डाव्या वाहिनीला महाधमनीतून नवी वाट करून द्यायची, हाच उपाय. ऑपरेशन मोठं होतं, पण करण्यासारखं होतं. काकूंनी सगळं नीट ऐकून घेतलं आणि मान हलवली.

"नको. मला झेपायचं नाही." त्या हट्टानं बोलत नव्हत्या. त्यांना शरम वाटत होती आणि ती त्यांच्या आवाजात स्पष्ट कळत होती. "मी लहानपणापासून कच्ची आहे. शाळेत धावताना सगळ्या मुली पुढे जायच्या आणि मी मध्येच बसायचे. बाई म्हणायच्या, सोसायला शीक. आई तेच म्हणायची. नाही शिकले मी. धीराच्या माणसांना सांगा असली ऑपरेशनं. माझ्यासारख्या भित्रीचं ते काम नाही."

डॉक्टरांनी परोपरीनं समजावलं. काकू ऐकायलाच तयार होईनात. शेवटी, चार दिवस विचार करा, पण त्याहून उशीर नको, असं बजावून त्यांनी दोघांना घरी पाठवलं.

त्या दिवशी जिन्यात काका पहिल्यांदाच पुढे पळाले नाहीत. बायकोच्या शेजारून एकेक पायरी चढले. पहिल्या मजल्यावर काकू थांबल्या. दार उघडंच होतं, वन्सं भाजी निवडत बसल्या होत्या. काकूंनी आज कोणाची चौकशी केली नाही. सरळ विचारलं, "वन्सं, खरं सांगा. जिना चढताना तुमच्या छातीवर ओझं येतं ना?"

"छातीवर? नाही गं बाई. माझे मेले गुडघे बोंबलतात."

दुसऱ्या मजल्यावर गॅसवाला रिकामा सिलिंडर खांद्यावर घेऊन उतरत होता. काकूंना हा माणूस म्हणजे कोणी थोर पुरुष वाटे. तो आला की त्या स्वतः पाण्याचा तांब्या घेऊन उभ्या राहत. त्यालाही त्यांनी तेच विचारलं.

"छाती? नाही काकू, खांदा धरतो कधीकधी," तो म्हणाला आणि शीळ घालत खाली गेला.

काकू कठड्याला धरून त्याच्या पाठमोऱ्या आकृतीकडे बघत राहिल्या. मग त्या बोलल्या ते ऐकून काका थक्क झाले. आयुष्यभर काकूंना माणसांचं कौतुक वाटत आलं होतं. छातीवर एवढं दडपण घेऊन लोक जिने चढतात, पोरं कडेवर घेऊन बसच्या मागे धावतात, वर पुन्हा हसतात आणि कधी तक्रार करत नाहीत! नवरा तर डबे घेऊन तीन मजले चढतो आणि वरून ओरडायलाही त्याच्यात दम उरतो. केवढं सोसतात हे लोक, आणि आपल्यालाच काय झालंय, असं त्यांना वाटे. आपला कमकुवतपणा दिसू नये म्हणून त्या थांबल्या की लोकांशी बोलत.

"म्हणजे तुला बोलायचं नसायचं?" काकांनी विचारलं.

"सुरुवातीला नसायचं. मग सवय लागली, आवडायला लागलं," काकू म्हणाल्या. "पण काही म्हणा, तुम्ही सगळे मला खोटं सांगताय. धीर द्यायला म्हणून."

कठड्यावरून मारलेल्या त्या सगळ्या हाका काकांच्या कानांत घुमू लागल्या आणि त्यांना स्वतःची लाज वाटली. पण लाज वाटून उपयोग नव्हता. बायको ऑपरेशनला नाही म्हणत होती, आणि नाही म्हणण्याचं कारण शुद्ध खोटं होतं. ते खोटं आहे हे तिला पटवायचं कसं, हे काही त्यांना सुचेना. शब्दांनी तिला हरवणारा माणूस या इमारतीत अजून जन्मला नव्हता.

संध्याकाळी ते तिच्यासमोर जमिनीवर बसले. "कसं असतं गं ते ओझं? मला सांग तरी."

काकूंनी सांगायचा प्रयत्न केला आणि त्यांची बोलती बंद झाली. सगळ्यांना ठाऊक असलेली गोष्ट कोणी कशाला कोणाला सांगेल? त्यासाठी त्यांनी कधी शब्दच शोधले नव्हते.

"बरं, दाखव मग," म्हणत काका सतरंजीवर उताणे झोपले.

काकूंनी दुरुस्तीला घरी आणलेली दुकानातली जुनी लोखंडी इस्त्री उचलली. काकांच्या छातीवर आधी टॉवेलची घडी ठेवली, मग तिच्यावर इस्त्री. "दुकानातून दारापर्यंत येताना एवढं," त्या म्हणाल्या. काकांनी हसून मान हलवली. मग त्यांनी इस्त्री उचलून कोपऱ्यातला रंगाचा डबा ठेवला, अर्धाअधिक भरलेला. "हा पहिला मजला." काकांचं हसू गेलं. काकूंनी डोळे बारीक करून, कापड मापताना करतात तसा अंदाज घेतला आणि डब्यावर इस्त्री चढवली. "हं. आता दुसरा. आता असंच राहायचं आणि तिथल्या शेजारणीला विचारायचं, तुमच्या सुनेचं पत्र आलं का."

काकांनी तोंड उघडलं. शब्द काही बाहेर येईना.

"आणि तिसऱ्याला..." काकूंनी दोन्ही तळहात इस्त्रीवर ठेवून थोडा भार दिला, "...असं. थंडीत डावा हातही भरून येतो, तो मला दाखवता येणार नाही."

"काढ!" काका गुदमरत म्हणाले. "अगं काढ, काढ, मरतो मी!"

काकूंनी घाईघाईनं सगळं उतरवलं. काका एका कुशीवर वळून धापा टाकत राहिले. तीन मजले डबे चढवणारा, परांचीवर उभं राहून दिवसभर भिंती रंगवणारा हा दणकट माणूस दोन मिनिटंसुद्धा टिकला नव्हता. काकू त्यांच्याकडे बघत होत्या. आधी काळजीनं, मग नवलानं. हे सोंग नव्हतं. नवऱ्याचं सोंग त्या एका नजरेत ओळखत.

"तुम्हाला हे खरंच ठाऊक नव्हतं," त्या म्हणाल्या.

"नव्हतं गं."

"वन्संना नाही. त्या गॅसवाल्याला नाही. कोणालाच नाही." काकूंनी एकेकाला बोटांवर मोजलं. "आणि मी पोरांना कडेवर घेऊन चढत होते."

"हो."

"म्हणजे मी भित्री नव्हते."

काकांना एवढंच म्हणता आलं, "तू भित्री? अगं, तुझ्याएवढं कणखर माणूस मी उभ्या जन्मात पाहिलेलं नाही." ते खुशामत करत नव्हते. आता ते त्यांना स्वतःच्या फासळ्यांवरून ठाऊक झालं होतं.

काकूंनी पदरानं डोळे पुसले, इस्त्री जागेवर ठेवली आणि म्हणाल्या, "सकाळी डॉक्टरीणबाईंना फोन करा. येतोय म्हणावं."

ऑपरेशन दुपारपर्यंत चाललं. बाहेरच्या बाकावर काकांनी देवाला काय काय कबूल केलं, ते त्यांनाही नंतर आठवेना. सर्जन बाहेर आले, डोक्यावरची टोपी काढली आणि म्हणाले, नवी वाट लागलीच चालू झाली, हृदयानं आढेवेढे घेतले नाहीत.

दोन-तीन दिवसांनी काका भेटायला गेले, तेव्हा नर्स काकूंच्या उशाशी उभी होती. छातीवर भलीमोठी पट्टी, नाकाला नळी, आणि चेहरा रागानं लाल. "दुखतंय मला," काकू सांगत होत्या. "फार दुखतंय. औषध द्या."

"थोडं सोसा हं काकू, पुढचा डोस संध्याकाळी आहे," नर्स समजुतीनं म्हणाली. "दुखतं हो सगळ्यांनाच."

"सगळ्यांचं मला नका सांगू! जन्मभर सोसलंय मी, आता घटकाभरही सोसणार नाही. बोलवा डॉक्टरांना."

नर्स लगबगीनं निघाली. काका दारातच उभे होते. बायको इतक्या ठणठणीत आवाजात तक्रार करतेय, हे ऐकून त्यांना इतकं बरं वाटलं की ते तिथल्या तिथं, सगळ्या वॉर्डासमोर, ढसाढसा रडले.