तांबेवाल्या साहेबांचा जस्ती टब

मित्रांनो, मी एक जुना जस्ती टब आहे. पोंभुर्ण्यापलीकडच्या जंगलात चिचटोला नावाची लहानशी वस्ती आहे. तिथे गुणाबाईंच्या अंगणात मी उपडा पडलेला असतो. माझ्यावर कोंबड्या बसतात आणि त्यांना कोणी हाकलत नाही. असू दे. जगातली फार फार श्रीमंत माणसं एकेकाळी माझ्यात उघडी बसून गेली आहेत, हे त्या कोंबड्यांना कोण सांगणार?

माझा जन्म चांद्याच्या बाजारात जाफरभाईंच्या दुकानात झाला. ते बादल्या, नरसाळी, धान्याच्या कोठ्या बनवत. एके दिवशी गुणवंतराव नावाचे गृहस्थ आले. नागपूरच्या एका शिकार कंपनीचा जंगलातला तळ ते सांभाळत. त्यांनी दोन्ही हात पसरून माप दाखवलं.

"एवढ्या मोठ्या टपात काय धुता, भाऊ? बैल?" जाफरभाईंनी विचारलं.

"माणूस," गुणवंतराव म्हणाले. "विलायतेचा माणूस पाण्यात लंबा होऊन बसते."

ते चेष्टा तर करत नाहीत ना, हे जाफरभाईंनी त्यांच्या तोंडाकडे नीट बघून ठरवलं. मग स्वतःच दुकानात जमिनीवर आडवे झाले आणि गुणवंतरावांकडून आपल्या अंगाचं माप घेववलं. पत्रा कापला, कडा वळवल्या, सांधे झाळले, उचलायला चार कड्या लावल्या. त्यांनी मारलेली झाळ अजून सुटलेली नाही, हे मी छाती पुढे काढून सांगतो.

तो काळ देश स्वतंत्र झाल्यानंतरचा. राजेरजवाड्यांचे दिवस सरत आले होते आणि पैसे भरून वाघ मारायला परदेशातले धनवान आमच्या जंगलात येऊ लागले होते. विमानाने नागपूर, मोटारीने चांदा आणि तिथून जीपने तळावर. तळावर तंबू होते, अयूब नावाचा खानसामा होता, वाघाचा माग काढणारा मुखरू होता. मला एका स्वतंत्र लहान तंबूत ठेवलं होतं. आता यात कौतुक काय, असं तुम्ही म्हणाल. पण गुणवंतरावसुद्धा दुसऱ्याबरोबर एका तंबूत झोपत.

गरम पाण्यात बसला की माणूस सैल होतो आणि बोलायला लागतो. कापडी पडद्याबाहेर गुणवंतराव खुर्ची टाकून बसत आणि त्याच्या हो ला हो देत. पहिल्या मोसमात मला एक शब्द कळेना. नंतर कळू लागलं, कारण पाण्यात बसलेला माणूस सावकाश बोलतो. जे सुटायचं ते गुणवंतराव संध्याकाळी चुलीपाशी मराठीत सांगत.

एक जहाजवाले आले होते. त्यांच्या जहाजांवर ज्या देशाचा झेंडा होता तो देश त्यांनी कधी पाहिला नव्हता. तिथे कर कमी, म्हणून झेंडा तिथला. एक बाई आल्या होत्या, त्यांची गुरांची कुरणं दोन दिवस घोडा दौडवला तरी संपत नसत. त्या जुनी चित्रं विकत घेत आणि गुंडाळून स्वित्झर्लंडमधल्या बँकेच्या तळघरात ठेवून देत.

"मंग पाहते कवा?" अयूबने विचारलं.

"पाहत नाई. भाव चढला का इकते," गुणवंतराव म्हणाले.

आणखी एका गृहस्थाची चार देशांत चार घरं होती. पण एका देशात फार दिवस राहिलं की तिथला कर बसायचा, म्हणून ते वर्षभर फिरतच असत. ते ऐकून मुखरूने विडी खाली ठेवली. "म्हंजे चार घरं असून चारी ठिकाणी पाव्हणाच," तो म्हणाला.

ही माणसं उधळी असतील असं मला आधी वाटे. तसं काही नव्हतं. त्यांचे मोजे रफू केलेले असत, साबणाचा तुकडा संपेपर्यंत वापरत. पैसा मात्र एका जागी कधी ठेवत नसत. थोडा जमिनीत, थोडा तेलात, थोडा सोन्यात आणि थोडा कुणालाच माहीत नसलेल्या जागी. माझ्यात बसूनही ते कुठे काय ठेवायचं याच हिशेबात असत. बाहेर मोर ओरडत असायचा, तिकडे त्यांचं लक्ष नसायचं.

चौथ्या मोसमात, चैत्रात, तांबेवाले साहेब आले. खरं नाव लांबलचक होतं, ते तळावर कुणाच्या जिभेवर बसेना. दोन खंडांत त्यांच्या तांब्याच्या खाणी होत्या आणि एकाही खाणीत ते स्वतः उतरलेले नव्हते. सत्तरीचे, उंच, पाय काड्यांसारखे. कोपरावर ठिगळ लावलेला स्वेटर सकाळच्या गारव्यात घालत. नाल्याकाठचे दगड उचलून खिशात टाकत आणि खाली काय आहे ते मुखरूला विचारत. "खाली माती हाय," मुखरू सांगे. साहेबांचा एक नियम होता आणि तो ते रोज माझ्यात बसून सांगत: प्रत्येक वस्तूला किंमत असते, आणि कुणी ती सांगत नसेल तर तो काहीतरी लपवतो आहे असं समजावं.

कंपनीची गाडी ज्या तलावातून तळासाठी पाणी आणायची तो त्या वर्षी लवकर आटला. जवळपास पाणी उरलं ते चिचटोल्याच्या झिऱ्यात, म्हणजे कोरड्या नाल्याच्या वाळूत खणलेल्या खड्ड्यात. त्यात पाणी थेंबाथेंबाने झिरपतं. टोल्यातल्या, म्हणजे त्या वस्तीतल्या, प्रत्येक घराची तिथे पाळी ठरलेली असते. इकडे साहेबांना दिवसातून दोनदा मी भरलेला लागे.

गुणवंतराव गुणाबाईंकडे गेले. त्या विधवा होत्या आणि झिऱ्याच्या पाळ्या त्याच लावत. हंड्यामागे त्या म्हणतील ते पैसे द्यायला गुणवंतराव तयार होते.

"इकत नाई, भाऊ," गुणाबाई म्हणाल्या. "ते लगनाचं पाणी हाय."

त्यांच्या मुलीचं, इंदूचं, लग्न अक्षय्य तृतीयेला होतं. नवरदेव वडशाकडचा. पाण्याची सोय होत नसेल तर लग्न आमच्याकडे लावू, असं तिकडून सांगणं आलं होतं आणि गुणाबाईंनी ते मानलं नव्हतं. त्यांचं स्वतःचं लग्न परक्या दारात चार माणसांत उरकलं होतं. पोरगी आपल्या मांडवातून निघावी, एवढी एकच हौस त्या बाईला होती. म्हणून टोल्यातल्या बाया आपल्या पाळीचं थोडं थोडं पाणी आणून गुणाबाईंचे रांजण भरत होत्या.

दुसऱ्या दिवशी गुणाबाई अयूबला अंडी द्यायला तळावर आल्या. माझ्या तंबूचा पडदा वाऱ्याने उडाला होता. तळावर उरलेलं थोडं पाणी तापवून अयूब आणि मुखरू साहेबांना दोन्ही काखांत धरून माझ्यात उतरवत होते. मग अयूबने बरणीतलं पांढरं मीठ पाण्यात टाकलं. त्याचा उग्र वास सुटला. तो श्रीमंतांचा आंघोळीचा शौक होता, पण गुणाबाईंना ते कसं कळावं?

"ते काय टाकलं?" अयूब बाहेर आल्यावर त्यांनी विचारलं.

"असंन साहेबाची दवाई," अयूब म्हणाला. त्यालाही तसंच वाटत होतं.

झालं. गुणाबाई अंड्यांचे पैसे न घेताच परत गेल्या. भर चैत्रात कोणी गरम पाण्यात निजतो का? त्याला धरून बसवावं लागतं, पाण्यात औषध घालावं लागतं, म्हणजे म्हातारा फार आजारी आहे. चिचटोल्याची रीत अशी की आजारी माणसाला टोला पाणी पुरवतो. तो कुणाचा कोण हे विचारत नाही. आणि त्याचा मोबदला घेतला तर तो आजार घेणाऱ्याच्या घरी येतो, असं सगळे मानतात.

सकाळी बायांची रांग हंडे घेऊन आली. त्यांनी मला काठोकाठ भरलं आणि पैशाचं नाव काढलं नाही. गुणवंतरावांनी तोंडात बोट घातलं, पण फुकट मिळतंय म्हणून विचारायच्या फंदात पडले नाहीत. संध्याकाळी पुन्हा रांग आली. असं रोज चाललं. शेवटी शेवटी गुणाबाईंच्या डोक्यावरच्या हंड्यांतलं पाणी त्यांच्याच रांजणांतलं होतं.

एकदा इंदूही हंडा घेऊन आली. ती माझ्यापाशी थांबली आणि ओतेचना. "माय, आपले रांजण रिकामे होत आले," ती म्हणाली. "पंगतीले काय वाढशीन?"

"तुह्या बापाच्या आजारात टोल्यानं आपले रांजण पाह्यले होते का?" गुणाबाई म्हणाल्या. "ओत."

तिने ओतलं. पाणी ओतताना तिचे डोळे भरून आले होते, आणि मला त्या दिवशी भरणं नकोसं झालं. पण टबाला नाही म्हणता येत नाही. त्याच संध्याकाळी मुखरूने गुणवंतरावांना सांगितलं की गुणाबाई वडशाला निरोप पाठवणार आहेत, लग्न तिकडेच लावा म्हणून. पडद्याआड माझ्यात बसलेल्या साहेबांनी आवाज ऐकला आणि काय चाललंय ते विचारलं. गुणवंतरावांना सगळं सांगावं लागलं.

साहेब ताठ झाले. "विकत मागितलं तेव्हा दिलं नाही आणि आता फुकट देतात? त्यांना काय हवंय?"

गुणवंतरावांनी गुणाबाईंना बोलावलं. त्या पडद्याबाहेर पदर सावरून उभ्या राहिल्या. साहेबांनी आतून नोटांची घडी बाहेर केली. गुणाबाईंनी हात मागे घेतला.

"आजाऱ्याच्या पाण्याचे पैसे मी नाई घेत. तो आजार आमच्या घरी येईन."

"कोण आजारी?" साहेबांनी गुणवंतरावांकडून विचारलं.

"त्येच. साजरा माणूस काऊन असा निजून राहीन? त्याले म्हणा, पाणी पाहिजे तेवढं घे, पण लवकर बरा हो. घरचे वाट पाहत असतीन."

गुणवंतरावांनी शब्द न शब्द इंग्रजीत सांगितला. त्यांना वाटलं, साहेब हसतील. साहेब हसले नाहीत. मिठाचं पाणी त्यांच्या छातीशी नुसतं हलत होतं.

"तिला सांगा, ती बरोबर बोलते," ते म्हणाले. "माझं रक्त बिघडलंय. डॉक्टरांनी वर्षभर दिलंय. मुलांना मी सांगितलेलं नाही. ही बातमी फुटली तर बाजार उघडताच माझ्या कंपनीचे शेअर कोसळतील, आणि सगळ्यात आधी विकतील ते माझे मुलगे. हुशार आहेत ते. मीच शिकवलंय त्यांना." मग थोड्या वेळाने म्हणाले, "बरा हो, असं मला अजून कोणीच म्हटलेलं नव्हतं. कारण कोणाला ठाऊकच नव्हतं."

गुणवंतरावांनी बाहेर एवढंच सांगितलं, "खरं हाय बाई, साहेब आजारी हाय." गुणाबाईंनी मान हलवली. त्यांना ते माहीतच होतं.

साहेब त्या दिवसानंतर माझ्यात बसले नाहीत. ओल्या फडक्याने अंग पुसून घेत. पण रिकामे रांजण काही त्याने भरणार नव्हते, आणि गुणाबाई पैशाला शिवणार नव्हत्या. तेव्हा मुखरूनेच रस्ता काढला. "बाई पैसा घेत नाई," तो म्हणाला, "पण लगनातला आहेर कोणी परत करते का?"

मग काय विचारता! जीपच्या मागे ट्रेलर जोडला, त्यात पिंपं ठेवली आणि मधोमध मी. आम्ही दूर वैनगंगेवर गेलो. पाणी हिंदकळू नये म्हणून मुखरूने माझ्यावर पळसाची पानं पसरली. साहेब पुढे बसले होते. गचके बसत होते, ते दोन्ही हातांनी गुडघा धरून होते आणि सारखे मागे वळून मला बघत होते. वाघासाठी आलेल्या माणसाने मोसमाचे उरलेले दिवस पाणी वाहण्यात घालवले. वाघ त्यांना मिळाला नाही, आणि त्याचा त्यांनी विषयही काढला नाही.

लग्न गुणाबाईंच्या मांडवात लागलं. आहेराच्या वेळी मला कुंकू लावून, पाण्याने भरून मांडवाच्या तोंडाशी ठेवलं. साहेबांनी मला कंपनीकडून विकत घेऊन आहेरात टाकलं होतं. त्यांना खाली बसता येईना, म्हणून ते उभ्यानेच जेवले. वऱ्हाडी सगळे माझ्यातलं पाणी पिऊन गेले. मला इतकं बरं कधी वाटलं नव्हतं. इंदू निघाली तेव्हा साहेबांनी गुणवंतरावांना विचारलं, आता मी काय द्यायचं? "काई नाई," गुणवंतराव म्हणाले, "रडाचं असन तं रडा." साहेबांनी रुमाल काढला.

पुढच्या थंडीत गुणवंतराव टोल्यावर आले ते बातमी घेऊन. साहेब वारले होते. पेपरात आलं होतं की शेअरचे भाव दोन दिवस पडले आणि मग पुन्हा चढले.

"पोरं होते का जवळ?" गुणाबाईंनी विचारलं.

"ते नाई लिहिलं पेपरात."

गुणाबाई उठल्या, झिऱ्यावर गेल्या, एक हंडा भरून आणला आणि साहेबांच्या नावाने माझ्यात ओतला. कुणाला त्यातलं घेऊ दिलं नाही. दिवस मावळताना टोल्याची गुरं परतली, ती पिऊन गेली.

मित्रांनो, त्यानंतर कंपनीचा तळ दुसरीकडे गेला. मला कोणीतरी चुना कालवायला नेलं, दगडांवरून ओढत आणलं, आणि माझ्या बुडाला भोक पडलं. जाफरभाईंचं दुकान चांद्याला अजून आहे. बाजारला जाणाऱ्या गाडीत मला टाकलं तर एका झाळीचं काम आहे. मग मला झिऱ्याच्या वाटेवर ठेवा, उन्हाळ्यात गुरांना सोय होईल. आणि तुमच्या दारात कधी मोठ्या मोटारीतून कोणी उतरलं, तर त्याची मोटार बघून झाल्यावर त्याला पाणी द्या आणि तब्येत कशी आहे ते विचारा. त्याला कदाचित कोणी विचारलेलं नसेल.