आधी वाजतो, मग चावतो

सणसरचे मोहनराव एकोणीसशे शहाण्णवच्या एप्रिलात अमेरिकेला गेले ते ठिबक सिंचन बघायला, आणि परत आले ते साप घेऊन. साप अर्थातच तोंडी होता.

मोहनरावांना सगळा गाव तात्या म्हणायचा. पंधरा एकर बागायत, त्यात डाळिंब, भाजीपाला आणि उरलेल्या रानात ऊस. ठिबकचं सामान विकणाऱ्या एका कंपनीनं अठरा शेतकऱ्यांचा चौदा दिवसांचा अभ्यासदौरा काढला, त्यात तात्यांचा नंबर लागला. ॲरिझोना नावाच्या कोरड्या मुलखात त्यांना फिल्टर दाखवले, व्हॉल्व्ह दाखवले, वाळवंटात पिकवलेली कोबी दाखवली.

परत आल्यावर मारुतीच्या देवळात सत्कार झाला. सरपंच आबासाहेबांनी शाल घातली आणि म्हणाले, "तात्या, तितं काय बगितलं ते गावाला सांगा."

तात्यांनी फिल्टरपासून सुरुवात केली. पाच मिनिटांत पहिली रांग जांभया द्यायला लागली आणि मागच्या रांगेतली दोन माणसं चहाच्या चौकशीला उठली. तात्या हुशार माणूस. त्यांनी मधेच आवाज खाली आणला.

"त्या कोबीच्या रानात एक साप निघाला. शेपटीला खुळखुळा."

उठलेले दोघं खाली बसले.

त्या दिवसापासून तात्यांच्या बोलण्यातून फिल्टर कायमचा गेला. पहिल्या सत्कारात साप तीन फुटांचा होता आणि पंधरा पावलांवर होता. कोऱ्हाळे बुद्रुकच्या शाळेत तो पाच फुटांचा झाला आणि सात पावलांवर आला. गणपतीच्या व्याख्यानमालेपर्यंत तो इतका वाढला आणि इतका जवळ आला, की आणखी एखादं भाषण झालं असतं तर तात्यांना तो चावल्याचंच सांगावं लागलं असतं.

अनुभवाला अभ्यासाची जोड हवी म्हणून तात्यांनी विमानतळावर घेतलेलं सापांच्या चित्रांचं जाड इंग्रजी पुस्तक सुनेच्या हवाली केलं. सून प्रगती, बारामतीच्या कॉलेजात प्राणिशास्त्र घेऊन बी.एस्सी. झालेली. लग्नानंतर त्या प्राणिशास्त्राचा कुणाला काही उपयोग झाला नव्हता, त्यामुळे तिनं मनापासून टिपणं काढली. संध्याकाळी चहा घेता घेता ती वाचून दाखवायची आणि तात्या पाठ करायचे.

"ह्या खुळखुळ्यावाल्यांच्या तीसच्या वर जाती आहेत तात्या. सगळ्या अमेरिकेकडच्याच. आपल्याकडं एकही नाही."

"हां. तीसच्या वर."

"एक वाळूत राहतो, तो तिरका सरकत जातो. एक डोंगरातल्या जंगलात, थंडीत कपारीत ढिगानं झोपतात. एकाच्या पाठीवर शंकरपाळ्यासारखी नक्षी. डोळा आणि नाकपुडीच्या मधे खळगा असतो, त्यातनं त्याला उंदराच्या अंगाची ऊब कळते. अंधारातसुद्धा."

"शंकरपाळ्या. ऊब. पुढं."

"शेपटीचा खुळखुळा आपल्या नखासारख्या पदार्थाचा असतो. कात टाकली की एक कडी वाढते. आणि इथं असं लिहिलंय, की तो दर वेळी वाजवतोच असं नाही. पुष्कळदा रंगाच्या भरवशावर गप पडून राहतो."

तात्यांनी कप खाली ठेवला. "ते वाक्य सोड."

"का?"

"त्यानं भाषाण बिघडतं."

भाषणाचा सगळा जीव एका वाक्यात होता आणि ते वाक्य तात्यांनी स्वतः घडवलं होतं. खिशातून एक डबी काढायची, तिच्यात ज्वारीचे दाणे घातलेले असायचे, ती माइकसमोर खुळखुळवायची आणि म्हणायचं, "जातिवंत विषारी साप आधी वाजतो, मग चावतो! बिनविषारी मातूर चोरासारखा येतो." टाळ्या पडायच्या. सापाच्या ह्या सभ्यपणावर तात्या पुढं दहा मिनिटं बोलायचे. आपल्या पुढाऱ्यांनी त्याच्याकडून काय शिकावं हेही सांगायचे, आणि पुढारीच जास्त टाळ्या वाजवायचे. पंचायत समितीनं 'सर्पदंश जागृती' नावाची मोहीम काढली तेव्हा प्रमुख वक्ता कोण, हा प्रश्नच कुणाला पडला नाही. फलक रंगवून आला : 'अमेरिकन सर्पतज्ज्ञ मा. मोहनराव.'

ह्या सर्पतज्ज्ञांच्या बांधावर बानूबाई शेळ्या चारायची. साठीच्या पुढची. तिच्या घरात एके काळी तीनशे मेंढरं होती, निम्मं आयुष्य माळावर उघड्यावर गेलेलं. आता दहा शेळ्या उरल्या होत्या. एकदा तात्यांचं भाषण गावात होतं तेव्हा तीही येऊन बसली, शेवटपर्यंत ऐकलं आणि जाता जाता म्हणाली, "साप झ्याक हाय मोहनराव. पर आपल्या उसातल्या सापाचं कदी सांगणार?"

"आपल्या सापात काय सांगण्यासारखं हाय?" तात्या म्हणाले. त्यांना खरंच तसं वाटत होतं.

तात्यांच्या रानातला मुकादम कुंडलिक मात्र प्रत्येक भाषणाला हजर असायचा. शाल आणि नारळ तोच घरी वाहून आणायचा. धन्याचं बोलणं त्याला तोंडपाठ होतं. ऑक्टोबरात उसाचे बांध गवतानं कमरेएवढे माजले होते, उंदीर झाले होते, आणि कुंडलिक साध्या रबरी चपला घालून त्यातून फिरायचा. बानूबाईनं त्याला दोनदा टोकलं.

"काठी आपटत जा रं. पायात तरी कायतरी घाल."

"वाजला की थांबंन की मावशी."

दसऱ्यानंतरच्या सोमवारी सकाळी नऊच्या सुमाराला कुंडलिक डाळिंबाच्या कडेनं चालला होता. गवतातून मोठ्यानं फुसफुस ऐकू आली. कुकरची शिट्टी व्हायच्या आधी येते तशी, लांबलचक, थांबून थांबून. त्यानं कान दिला. खुळखुळा नव्हता. तेव्हा साप नव्हता. ठिबकची नळी फुटून हवा निघत असणार, असं म्हणून तो व्हॉल्व्ह बघायला सरळ त्या आवाजाकडं गेला.

त्याची बोंब तीन वावरं पलीकडं ऐकू गेली.

तात्या पोचले तेव्हा कुंडलिक बांधावर बसला होता, उजव्या घोट्याच्या वर दोन ठिपके होते आणि त्यातून रक्त झिरपत होतं. बानूबाई आधीच येऊन बसली होती. तिनं त्याचा पाय मांडीवर सरळ धरला होता, हलू देत नव्हती.

"कुंडलिक," तात्या धापा टाकत म्हणाले, "वाजला का?"

"वाजला न्हाय तात्या. फुसफुसला. मला वाटलं नळी फुटली."

तात्यांच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. "मग घाबरू नकु. वाजला न्हाय म्हंजी जातिवंत न्हाय."

"घोणस हाय," बानूबाई म्हणाली. "मी डोळ्यांनी बगितली, त्या पाचटात गेली. मनगटाएवढी जाड. पाठीवर साखळीवानी टिपकं. माझा दीर असाच गेला."

"बानूबाई, तुमचा अनुभव हाय, पर शास्त्र असं सांगतं—"

"शास्त्राला म्हणावं ह्याचा पाय बग."

पाय बघता बघता सुजत चालला होता. तात्यांनी तरी खिशातला चष्मा काढला, दोन ठिपक्यांमधलं अंतर बोटानं मोजलं आणि विचारलं, "शंकरपाळ्या दिसल्या का तुमाला पाठीवर?" एवढ्यात प्रगती पळत आली. तिनं पाय पाहिला, कुंडलिकच्या हिरडीवरचं रक्त पाहिलं आणि सासऱ्यांशी आयुष्यात पहिल्यांदा चढ्या आवाजात बोलली.

"तात्या, ट्रॅक्स गाडी काढा. आत्ता!"

बारामतीला पोचायला पाऊण तास लागला. कारखान्याला ऊस नेणाऱ्या बैलगाड्या अजून सुरू झाल्या नव्हत्या म्हणून, नाहीतर दीड लागला असता. बानूबाई शेळ्या शेजारणीवर सोपवून गाडीत बसली होती आणि वाटभर कुंडलिकचा पाय धरून होती. कुंडलिक मधेच विचारायचा, "मी मरतो का मावशी?" आणि ती म्हणायची, "गप पड. हालू नकु."

दवाखान्यात तरुण डॉक्टर होता. त्यानं कुंडलिकला खाटेवर घेतलं आणि विचारलं, "कसला साप होता? कुणी पाहिला?"

तात्या पुढं झाले. सवयीनं त्यांचा उजवा हात वर गेला. "डॉक्टर, सापाच्या जगात तीसच्या वर जाती—"

"काका, साप इथला होता की तिथला?" डॉक्टरनं तात्यांचं भाषण कुठंतरी ऐकलेलं होतं.

बानूबाई मागून म्हणाली, "हितलाच. घोणस."

डॉक्टरनं नळीत रक्त काढून टेबलावर उभं ठेवलं. वीस मिनिटांनी नळी कलती केली तर रक्त पाण्यासारखं वाहिलं, गोठलंच नव्हतं. "आजी बरोबर आहेत," तो म्हणाला, आणि सापावरच्या औषधाच्या बाटल्या सलाइनला लावायला सुरुवात झाली.

तात्या बाहेर बाकावर बसले. कितीतरी वेळ हातातल्या टोपीची घडी घालत होते, उलगडत होते. प्रगती चहा घेऊन आली तर त्यांनी कप धरला, पण प्यायले नाहीत.

"पोरी, त्यो माझ्यामुळं पडला."

नाही म्हणणं प्रगतीला जमलं नाही.

"तुला एक सांगतो. कुणाला सांगू नकु. मी त्यो साप बगितलाच न्हाय."

"कुठला?"

"अमेरिकेतला. तितला माणूस वरडला, तसा मी पळत जाऊन गाडीत बसलो. काचा लावल्या. बाकीची सतरा माणसं बगत हुती, फोटू काढत हुती. मी डोळं मिटून बसलो. खुळखुळा तेवडा ऐकू आला. त्यो बी काचंतनं." तात्यांनी टोपी मांडीवर ठेवली. "आल्यावर लोकांनी इचारलं. मग सांगत गेलो."

"आणि मी टिपणं काढून दिली," प्रगती म्हणाली.

कुंडलिक वाचला. पहिले तीन दिवस लघवीतून रक्त गेलं, पाय मांडीपर्यंत काळानिळा झाला, अकराव्या दिवशी घरी सोडलं. तात्या रोज दवाखान्यात डबा घेऊन जायचे. कुंडलिक मोठ्या मनाचा, तो त्यांनाच धीर द्यायचा, "तात्या, चूक तुमची न्हाय. सापानं तुमचं भाषाण ऐकलं नव्हतं." हे तो थट्टेनं म्हणतो की खऱ्यानं, ते तात्यांना शेवटपर्यंत कळलं नाही.

जागृती मोहिमेचं पिंपळीचं शिबिर आधीच ठरलेलं होतं. फलक लागला होता. तात्यांनी आबासाहेबांना सांगितलं की माझ्याऐवजी बानूबाई बोलतील. आबासाहेब हादरले.

"तात्या, ती बाई अमेरिकेला गेली नव्हती."

"मी बी गेलो नव्हतो असं समजा."

शेवटी तोडगा निघाला. कार्यक्रमपत्रिकेत बानूबाईला आभाराच्या जागी पाच मिनिटं मिळाली. तात्या उभे राहिले, डबी काढली नाही, आणि एवढंच म्हणाले, "मी आजवर सांगितलं ते तितल्या सापाचं हुतं, आणि त्यातलं बी निम्मं खोटं हुतं. हितला न वाजता चावतो. म्होरं बानूबाई सांगत्यात." टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत. वाजवाव्यात की नाही, ते व्यासपीठाकडं बघून ठरवायची सवय, आणि व्यासपीठ गोंधळलं होतं.

बानूबाई माइकपासून चार हात लांब उभी राहिली. "घोणस फुसफुसती, पर दर येळंला न्हाय. फुरसं अंगाला अंग घासून करवतीवानी वाजतं, ते माळाला, दगडाखाली. मण्यार झोपल्या माणसाला चावती, कळत बी न्हाय. काठी आपटा, उजेड न्या, पाय झाका. चावला तर कापू नका, चोखू नका, हालवू नका, बारामतीला न्या. देवळात न्हेऊ नका. झालं."

ती बसली. मग बायकांनी विचारायला सुरुवात केली. ऊस खुरपणाऱ्या, भेंडी तोडणाऱ्या, जळण गोळा करणाऱ्या. पाच मिनिटांचा दीड तास झाला. नेत्यांची जेवणं गार झाली. एकीनं विचारलं, "पाय झाका म्हंता, पर कशानं?" बानूबाईनं वळून व्यासपीठाकडं बघितलं.

तात्या बायकांच्या बुटांसाठी दोन महिने पंचायत समितीच्या पायऱ्या झिजवत राहिले. भाषणाला बोलावणारी माणसं आता त्यांना बघून दुसऱ्या दारानं जायची. साहेब म्हणायचे, जागृतीसाठी तरतूद आहे, बुटांसाठी नाही. तात्या म्हणायचे, मग बुटांची जागृती करा. अखेर मंजुरी आली आणि जानेवारीत गुडघ्याएवढे काळे रबरी बूट ट्रकनं सणसरला आले. शंभर जोड. आबासाहेबांच्या हस्ते वाटप, फोटो, हार, सगळं झालं. मग बायकांनी पायात घालून बघितले.

शंभरच्या शंभर जोड नऊ नंबरचे, पुरुषी मापाचे होते.

तात्यांचं तोंड उतरलं. ते ठेकेदाराला शिव्या देत परत पंचायत समितीकडं निघाले होते, तेवढ्यात बानूबाईनं जुन्या लुगड्याच्या चिंध्या काढल्या, बुटाच्या टोकात कोंबल्या, पाय घातला आणि दोन पावलं चालून बघितलं. फदक फदक आवाज झाला. बायका पदर तोंडाला लावून हसल्या.

"ऱ्हाऊ द्या मोहनराव," ती म्हणाली. "बदलाया पाठवलं तर पुढच्या सालाला येत्याल."

चिंध्यांचं गाठोडं तिनं बायकांच्या मधे सोडलं आणि शेळ्या हाकत उसाच्या बांधाला लागली.