बांधावरच्या आप्पाचा कौल

काकती गावच्या भरमूच्या मळ्यात आप्पा राहायचा. राहायचा म्हणजे करंजाखाली शेंदूर फासलेला गुडघाभर उंचीचा एक दगड होता, पण त्याला दगड म्हणायची कुणाची छाती नव्हती. दिवसभर तो बांधावर बसून राखण करतो आणि तिन्हीसांजेला घोंगडं खांद्यावर टाकून मळ्याला फेरी घालतो, असं सगळे सांगत. शीळ घातलेली त्याला खपत नसे. ताक आवडे, पण आंबलेलं चालत नसे. आणि एका बाबतीत तो भलताच हट्टी होता. त्याच्या हद्दीत जन्मलेलं वासरू असो, करडू असो की माणसाचं पोर असो, ते त्याचं. बांधापलीकडे न्यायचं तर त्याचा कौल घ्यायचा. भरमूच्या चुलत्याने एकदा न विचारता खोंड बाजारात नेला, तर तो दावं तोडून संध्याकाळी आप्पापुढे येऊन उभा राहिला म्हणे.

जयवंताला हे आधी ठाऊक असतं तर ती इथे बाळंतच झाली नसती. ती वडगावच्या विणकराची बायको. वडगावात उंदीर पडायला लागले, गाठीच्या तापाने आळी ओस पडली, तेव्हा नवरा अंबाजी तिला घेऊन या मळ्यात आला. भरमूची बायको गुणाबाई हिचं लग्नातलं लुगडं अंबाजीने विणलेलं, एवढीच काय ती ओळख. तेवढ्यावर गुणाबाईने झोपडी घालायला जागा दिली, बाळंतपण केलं, शेकशेगडी केली. मुलगी झाली. साथीच्या गडबडीत बारसं राहूनच गेलं आणि सगळे तिला नुसतं ‘पोर’ म्हणू लागले.

पोर बहुतेक वेळ गुणाबाईच्याच मांडीवर असे. गुणाबाईची कूस उजवली नव्हती. जयवंताला त्याचं बरंच वाटे, कारण तिचे हात मोकळे राहत. अंबाजीने आंब्यांच्या सावलीत मागाच्या उभ्या सुतांचा ताणा पसरला होता आणि त्याला लावायची खळ जयवंता चुलीवर शिजवी. पोरीला कडेवर घेऊन गुणाबाई शेजारी बसे आणि पीठ किती, पाणी किती, उतरवायची कधी, हे विचारत राही.

पावसाळा सरला आणि साथही हटली. लोक घरं सारवून परत राहायला लागले. अंबाजीचा जीव मागावर अडकला होता. “उद्या गाडी जुंपू या,” तो म्हणाला.

“आप्पाला इचारल्याबिगर न्हाय,” गुणाबाई म्हणाली.

कौल लावायचा मान घरच्या सुनेचा. गुणाबाई न्हाऊन आली आणि तिने दगडावर चाफ्याच्या दोन पाकळ्या पाण्याने चिकटवल्या. उजवी आधी पडली तर जा, डावी पडली तर राहा. सगळे हात जोडून बसले. पाकळ्या सुकल्या, ऊन डोक्यावर आलं, पण एकही पडली नाही.

“आप्पा इचारात पडलाय,” भरमू म्हणाला.

दुसऱ्या दिवशीही आप्पा विचारातच होता. तिसऱ्या दिवशी अंबाजीचा चेहरा उतरला. पोरीला तसंच उचलून न्यायची त्याची हिंमत नव्हती आणि तिला टाकून तर जाता येत नव्हतं. आपली पोर कायमची इथेच राहते की काय, ही भीती जयवंताला वाटू लागली.

सगळे उठून गेल्यावर ती दगडापाशी गेली आणि तिने रडत रडत त्यावर डोकं टेकलं. कपाळाला काहीतरी चिकट लागलं. तिने ते दोन बोटांनी चोळून पाहिलं. जन्म ज्यात गेला ते तिला कळणार नाही तर कुणाला? ती खळ होती.

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. भरमूला हाक मारायची, सगळ्यांसमोर गुणाबाईचं पितळ उघडं पाडायचं, असं ठरवूनच ती झोपडीकडे वळली. दारात गुणाबाई पोरीला पायांवर घेऊन न्हाऊ घालत होती. पाणी डोळ्यांत जाऊ नये म्हणून पोरीच्या कपाळावर हात आडवा धरला होता. इतकं जपून तर जयवंता स्वतःही न्हाऊ घालत नसे. तिचा राग निम्मा तिथेच गळाला.

ती शेजारी बसली आणि हळू आवाजात म्हणाली, “आक्का, खळ जरा दाट झालीया. ताण्याला चालत न्हाय असली.”

गुणाबाईचा हात थांबला. तिने पोरीला पदरात गुंडाळलं. मग म्हणाली, “आप्पाला फसीवलं मी. आता माझं काय करंल त्यो?”

“त्याला लई दिसांची वळख हाय तुझी. उद्या मी इचारते त्याला.”

सकाळी गुणाबाईने कौलाचा आपला मान जयवंताला दिला. जयवंताने ऊन पाण्याने दगड धुतला आणि नुसत्या पाण्याने पाकळ्या लावल्या. मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, “आप्पा, पोरीच्या बापाला भन न्हाय. बारसं हितंच करू, आन् आत्या म्हणून गुणाआक्का नाव ठेवंल. आत्याच्या घरी पोर दर सुगीला यील, आमी आडवणार न्हाय. पटत असंल तर उजवी दे.”

अंबाजीने चमकून बायकोकडे पाहिलं, मग मान डोलावली. पाकळ्या मात्र हलेनात. खळ नव्हती, वारा नव्हता, आणि आप्पा खरोखरच विचारात पडला होता.

तेवढ्यात गुणाबाई पुढे सरकली. डोक्यावरचा पदर सावरून तिने दगडावर कपाळ टेकलं आणि उठताना, भात निवायला घालावी तेवढीच, एक बारीक फुंकर घातली. उजवी पाकळी खाली आली.

“दिला,” भरमू म्हणाला आणि त्याने हात जोडले.

जयवंताने सगळं पाहिलं होतं. तिचे डोळे भरून आले. तिने पोरीला उचललं आणि गुणाबाईच्या ओटीत ठेवलं.

गुणाबाईने ओठ पोरीच्या कानाशी नेले आणि मध्येच थांबली. “काय नाव ठिवू गं?”

“आत्या तू हाईस,” जयवंता म्हणाली. “मला काय इचारतीस?”